न्यायला कोण आलंय?

अकरा वाजत आलेत आणि व्हरांड्यातल्या बाकांवर जागा उरलेली नाही. बहुतेक बायकाच आहेत. प्रत्येकीच्या मांडीवर एक पिशवी, पिशवीत रेशनकार्ड, आधारकार्ड, शाळा सोडल्याचा दाखला. एक जण शेजारणीला विचारते, "तुमचा कशात आहे?"

"गाडीच्या." म्हणजे मोटारसायकल चोरीच्या.

"माझा मारामारीत."

एवढ्या दोन वाक्यांवर त्यांची ओळख होते आणि एकीच्या डब्यातली भाकरी दुसरीच्या हातात जाते.

आज बोर्डाचा दिवस आहे. कागदावर त्याला बाल न्याय मंडळ म्हणतात, पण शिपायापासून वकिलापर्यंत सगळ्यांच्या तोंडी बोर्डच आहे, आणि मागच्या निरीक्षणगृहाला सगळे रिमांड होमच म्हणतात. गावाचं नाव मी लिहीत नाही. २०१५च्या बाल न्याय कायद्याचं कलम ७४ मुलाची ओळख पटेल असं काहीही छापू देत नाही, आणि जिल्ह्याच्या गावात एखाद्या खुणेवरूनही मूल ओळखू येतं. मंडळाने मला कोपऱ्यातल्या खुर्चीवर बसायची परवानगी दिली आहे ती याच अटीवर.

खोली कोर्टासारखी नाही, आणि ते मुद्दामच. उंच चौथरा नाही, आरोपीचा पिंजरा नाही. एका लांब टेबलामागे न्यायदंडाधिकारी मॅडम आणि दोन समाजकार्यकर्ते सदस्य, त्यांतली एक बाई. समोर त्याच उंचीच्या खुर्च्या. मुलाला घेऊन येणारा हवालदार साध्या शर्टात आहे. नियमाप्रमाणे या मुलांसोबत वर्दीत यायचं नसतं, बेडी घालायची नसते, लॉकअपमध्ये ठेवायचं नसतं आणि ताब्यात घेतल्यापासून चोवीस तासांच्या आत बोर्डापुढे उभं करायचं असतं. १९८६ साली शीला बारसे यांच्या याचिकेवर सर्वोच्च न्यायालयाने मुलांना तुरुंगात ठेवू नका म्हणून बजावलं, तेव्हा देशभरातल्या तुरुंगांत मुलं होती. या साध्या शर्टामागे तेवढा इतिहास आहे.

पहिला मुलगा आत येतो. सोळा वर्षांचा, पण अंगाने तेरा-चौदाचा वाटतो. एसटी स्टँडवर एका प्रवाशाच्या हातातला मोबाइल हिसकावून पळाला आणि रिक्षावाल्यांनी धरला. कायद्याच्या वर्गवारीत हा किरकोळ गुन्हा, कारण जास्तीत जास्त शिक्षा तीन वर्षांपर्यंतची. अशा प्रकरणात एफआयआर करायचा नसतो, स्टेशन डायरीत नोंद करायची. मुलाला सहसा ताब्यात घ्यायचंही नसतं, पालकांना कळवून बोर्डापुढे बोलवायचं. तरी हा तीन आठवडे आत आहे. जामीन दुसऱ्याच तारखेला मंजूर झाला होता. जामीनदार घेऊन त्याला न्यायला कोणी आलं नाही, एवढंच कारण.

आज त्याची आई आली आहे. नऊवारीच्या पदराने तोंड पुसत ती दारात उभी राहते. मुलगा तिच्याकडे बघत नाही, टेबलाच्या कडेकडे बघतो.

"बसा मावशी. कुठून आलात?"

"फडावरून." साखर कारखाना कोल्हापूरकडचा, घर मराठवाड्यातलं. रात्रभर तीन एसट्या बदलून ती आली आहे. दसरा-दिवाळीनंतर नवरा-बायको टोळीत जातात, मुकादम जोडीला एक कोयता म्हणून धरतो आणि उचल आधीच देऊन ठेवतो. एक दिवस बुडाला की खाडा. मुलगा गावी आजीजवळ होता, तिथून नववी सोडून शहरात चहाच्या गाड्यावर आला, आणि तिथून इथे. आईला कळलंच मुळी गेल्या आठवड्यात. पोलिसांनी गावाकडच्या पत्त्यावर निरोप धाडला होता, पण त्या पत्त्यावर सध्या ऐकायला कमी येणारी एक म्हातारी आहे.

आईचा पत्ता शोधला तो परिविक्षा अधिकाऱ्यांनी. पीओ मॅडम म्हणतात सगळे त्यांना. पहिल्या हजेरीपासून पंधरा दिवसांत सामाजिक तपासणी अहवाल द्यायचा असतो: घरी कोण, शाळा का सुटली, संगत कोणाची. पुष्कळ ठिकाणी हा अहवाल छापील रकान्यांत उरकला जातो. या बाईंनी गावातल्या किराणा दुकानदाराकडून मुकादमाचा नंबर मिळवला, मुकादमाने दोनदा फोन कट केला, तिसऱ्यांदा त्यांनी त्याला बोर्डाचं नाव सांगितलं. अहवालाच्या चार पानांत ही धडपड कुठेच लिहिलेली नाही. ती मला व्हरांड्यात, चहा पिताना कळते.

"मुलाला घेऊन जाल ना?" न्यायदंडाधिकारी विचारतात.

आई लगेच हो म्हणत नाही. "नेते की. पण कुठं नेऊ, मॅडम? कोपीवर?"

खोलीत कोणी काही बोलत नाही. प्रश्न खरा आहे. कोपीवर नेला तर उद्यापासून तो मोळ्या वाहील. गावी सोडला तर आजी त्याला सांभाळणार की तो आजीला? सदस्यबाई ऊसतोड कामगारांच्या मुलांसाठीच्या संत भगवानबाबा वसतिगृहाचं विचारतात, पण ते शाळेत असलेल्या मुलांसाठी, आणि हा शाळेतून निघालेला. टेबलाच्या या बाजूला कायदा आहे, चांगला कायदा. संस्थेत ठेवणं हा शेवटचा उपाय, असं तो स्पष्ट सांगतो. पण त्याने गृहीत धरलेलं घर या बाईकडे हंगामाचे सहा महिने पाचटाचं असतं. मुलाने काय केलं यावर या खोलीत फार वेळ जात नाही. वेळ जातो तो त्याच्यामागे कोण उभं आहे हे शोधण्यात, आणि माझ्या मते गुन्ह्याइतकाच त्याच्या पुढच्या आयुष्याचा निकाल तिथे लागतो.

निर्णय दुपारनंतर ठेवून पुढचं नाव पुकारलं जातं.

हा सतरा वर्षांचा. डोक्याच्या दोन्ही बाजू भादरलेल्या, मनगटावर गोंदलेलं. याने आणि याच्या दोस्तांनी हातात कोयते घेऊन रील काढलं, आणि चार दिवसांनी तोच कोयता गल्लीतल्या एका पोराच्या डोक्यात घातला. "हाफ मर्डर आहे, मॅडम," हवालदार म्हणतो. जुनं ३०७, आता भारतीय न्याय संहितेचं १०९. जखमी मुलाचे वडील मागे उभे आहेत. पोराला अकरा टाके पडलेत, उजवा हात अजून नीट उचलत नाही. ते कोणाला शिव्या देत नाहीत, फक्त विचारतात, "याला मोठ्यांच्या कोर्टात का नाही नेत?"

त्यांना समजावून सांगायला हवं, आणि न्यायदंडाधिकारी ते सांगतात, घाई न करता. दिल्लीतल्या २०१२च्या सामूहिक बलात्कार प्रकरणानंतर कायदा बदलला. सोळा ते अठरा वयाच्या मुलाला प्रौढासारखं चालवायचं का, हे तपासायची तरतूद आली. पण ती फक्त निर्घृण गुन्ह्यांसाठी, ज्यात किमान शिक्षाच सात वर्षं किंवा जास्त आहे. १०९ मध्ये अशी किमान मर्यादा नाही. म्हणून हे प्रकरण बोर्डाकडेच राहणार, आणि दोष सिद्ध झाला तर जास्तीत जास्त तीन वर्षं विशेष गृह. वडील ऐकून घेतात. समाधान झालेलं दिसत नाही, आणि का व्हावं? त्यांच्या पोराच्या हाताच्या उपचाराचं इथे कोणी विचारलेलं नाही. मुलांना सुधारायला निघालेल्या व्यवस्थेला जखमी मुलाचीही काळजी घेता यायला हवी. या दोन गोष्टी एकमेकींच्या विरोधात आहेत असं मला अजिबात वाटत नाही.

बाहेर आल्यावर एक वकील पुण्याचा विषय काढतात. हल्ली तो कोणी ना कोणी काढतोच. मे २०२४, कल्याणीनगर, भरधाव पोर्श गाडी, दोन तरुण इंजिनिअर ठार, आणि सतरा वर्षांच्या चालकाला त्याच दिवशी जामीन, अटींत तीनशे शब्दांचा निबंध. लोक भडकले ते साहजिक होतं. पण त्या रागातून अनेकांनी एकच अर्थ काढला, की मुलांना जामीन देणं हाच मुळात चुकीचा लाड आहे. बाल न्याय कायद्याचं कलम १२ तर सरसकट सांगतं, गुन्हा जामीनपात्र असो वा नसो, मुलाला सोडायचं. वाईट संगतीचा, मुलाच्या जिवाला-मनाला धोक्याचा किंवा न्यायाच्या हेतूलाच बाध येण्याचा संभव असेल तरच अडवायचं. तिथे जामीन काही तासांत मिळाला, इथे मोबाइलवाल्याला मंजूर होऊनही जवळपास तीन आठवडे कागदावर राहिला. राग यायचा तर या अंतराचा यावा.

जेवणाच्या सुट्टीत रिमांड होमचे अधीक्षक मला आत नेतात. मोठं लोखंडी दार, मग अंगण, मग लांब खोली. गाद्या गुंडाळून भिंतीला लावलेल्या, एका कोपऱ्यात कॅरम, वर टीव्ही. वरण-भात, बटाट्याची भाजी. अधीक्षकांनी आधी मुंबईत डोंगरीला काम केलंय. १८८२ मध्ये टिळक आणि आगरकर १०१ दिवस कैदेत होते त्या तुरुंगाच्या जागी आता मुलांचं निरीक्षणगृह आहे, असं ते सांगतात. मला त्यापेक्षा मुलांचं बोलणं ऐकायचं आहे. पण मुलं माझ्याशी बोलत नाहीत, विचारतात. "ताई, बाहेर हिरव्या साडीतली बाई बसलीय का?" "एक उंच माणूस, टोपीवाला?" "पायात प्लास्टर असलेली?" मी जेवढी माणसं बघून आले तेवढी आठवून सांगते. टोपीवाला आहे म्हटल्यावर एक पोरगा हातातला घास ताटात ठेवतो आणि केस नीट करायला नळाकडे पळतो.

तीननंतर पहिल्या मुलाचा आदेश होतो. पंधरा हजारांच्या जामीनदाराची अट काढून टाकतात. जामिनाच्या अटी सात दिवसांत पुऱ्या झाल्या नाहीत तर मुलाला पुन्हा समोर आणून त्या बदलायच्या, ही तरतूद कायद्यातच आहे. ती वेळेवर वापरली असती तर जवळपास दोन आठवडे वाचले असते. आता नुसत्या हमीपत्रावर सुटका. राहायचं मावशीकडे, तालुक्याच्या गावी. तिचा होकार पीओ मॅडमनी मधल्या वेळात फोनवर मिळवलाय. दर पंधरा दिवसांनी हजेरी, समुपदेशन, आणि वेळ येईल तेव्हा दहावीसाठी सतरा नंबरचा फॉर्म. आई अंगठा उठवते. मग पहिल्यांदाच मुलगा तिच्याशी बोलतो, "खाडा किती पडला?"

"पडू दे," ती म्हणते.

शेवटच्या मुलाचा कागद वर येतो. त्याची आई नाही, सावत्र वडील आहेत, आणि ते फोनवर "आमचा संबंध नाही" म्हणून मोकळे झालेत. सदस्यबाई पीओ मॅडमकडे बघतात. "फोनवर कोणी हो म्हणत नाही," त्या म्हणतात, "दारात जाऊन उभं राहिलं की म्हणतात कधी कधी. उद्या सकाळच्या सहाच्या एसटीने जाते." कार्यालयाची गाडी मागावी असं त्यांच्या मनातही येत नाही. कारकून विचारतो, पालकाच्या नावापुढे काय लिहू.

"मोकळं ठेवा," त्या म्हणतात. "शुक्रवारी भरू."