फिर्याद रद्द झाली, मग ठेवीचे काय?

दिवाळीत वकिलाच्या घरी फराळाबरोबर फुकटचा सल्लाही मिळतो, असा आमच्या आळीत समज आहे. यंदा चकली मोडता मोडता तिघांनी मला एकच प्रश्न विचारला. ठेवी घेणाऱ्या पेढीच्या भागीदारांवरची फसवणुकीची फिर्याद हायकोर्टाने रद्द केली, म्हणजे ते सुटले आणि आपले पैसे बुडाले, असेच ना?

तसे नाही. का नाही, हे कलकत्त्याच्या ‘संचयिता इन्व्हेस्टमेंट्स’च्या हकीकतीवरून चांगले कळते.

तीन भागीदारांची ही पेढी १९७५ साली निघाली. भांडवल अवघे सात हजार रुपये! पावतीवर व्याज शेकडा १२, पण ठेवीदाराच्या हाती पडत होते शेकडा ४८. पुढे ते ३६ वर उतरले. मधला फरक गुपचूप दिला जाई. १९८० च्या डिसेंबरात फिर्याद झाली ती पैसे फिरवण्याच्या योजनांवर बंदी घालणाऱ्या १९७८ च्या कायद्याखाली. हायकोर्टाने ती रद्द केली, आणि २ फेब्रुवारी १९८२ रोजी सर्वोच्च न्यायालयाने सरकारचे अपील फेटाळले. सरन्यायाधीश होते आपल्या पुण्याचे यशवंत विष्णू चंद्रचूड.

आता कोणी म्हणेल, काय हा न्याय! पण न्यायालयाने पाहिले ते एवढेच, की फिर्यादीत लिहिलेली हकीकत सगळी खरी धरली तरी त्या कायद्याचा गुन्हा होतो का? त्या व्याख्येला नुसता झटपट पैसा पुरत नाही. नवे सभासद किती येतात, यावर पैसे मिळणे अवलंबून असावे लागते. नाहीतर दोन दिवसांत शेअर विकून नफा कमावणाराही गुन्हेगार ठरायचा. संचयितेचा ठेवीदार नवी गिऱ्हाइके आणो वा न आणो, त्याला व्याज कबूल होते. म्हणजे रोग एक आणि औषध भलतेच. पेढी धुतल्या तांदळासारखी आहे, असे काही कोणी म्हटले नव्हते. पुढे तिच्या मालमत्तेतून ठेवीदारांचे पैसे भागवण्यासाठी आयुक्त नेमावा लागला.

फसवणुकीच्या कलमाचेही असेच आहे. पैसे परत आले नाहीत, एवढ्याने फसवणूक होत नाही. पैसे घेतानाच मनात खोट होती, असे दिसावे लागते. शिवाय पाच भागीदारांपैकी एखाद्याचे नाव केवळ पाटीवर असते. त्याने काय केले, याचा फिर्यादीत एक शब्दही नसेल तर त्याच्यापुरती ती रद्द होऊ शकते. घाईघाईत “सर्वांनी मिळून फसवले” असे लिहून देणाऱ्यांना मी हेच सांगतो, की कोणी, कधी, काय वचन दिले ते लिहा, मग बाकीचे.

तडजोडीचा मार्गही असतो. चार तक्रारदारांचे पैसे चुकते करून भागीदार हायकोर्टात येतात. बाकीच्या चारशेंचे काय? म्हणूनच अनेकांना झळ पोचणारे आर्थिक गुन्हे केवळ तडजोड झाली म्हणून मिटवू नयेत, असे सर्वोच्च न्यायालयाने २०१७ साली बजावले आहे.

कायद्यातली ती भगदाडे आता बरीच बुजली आहेत. १९९७ च्या दुरुस्तीने भागीदारी पेढ्यांना लोकांकडून ठेवी घेण्यास मनाई झाली. नातेवाइकांकडून घेतलेले कर्ज तेवढे वगळले. आपल्या राज्यात १९९९ चा ठेवीदार-संरक्षण कायदा आहे. त्यात कपटाने पैसे बुडवणाऱ्या पेढीच्या भागीदाराला सहा वर्षांपर्यंत कैद होऊ शकते आणि पेढीची मालमत्ता जप्त होते. २०१९ साली केंद्रानेही अनियंत्रित ठेवींवर बंदी आणली.

आणि फौजदारी बाजू पार कोसळली तरी दिवाणी दावा उरतोच. १९३२ च्या भागीदारी कायद्याप्रमाणे पेढीच्या देण्याला प्रत्येक भागीदार संपूर्णपणे बांधलेला असतो, अगदी घरादारासकट! मात्र साधारण तीन वर्षांची मुदत असते. फौजदारीचा निकाल लागू दे, मग पाहू, म्हणत बसलेल्यांची मुदत टळलेली मी पाहिली आहे. दाव्याला पावती लागते, आणि पावतीवर आकडा असतो तो १२ चाच. वरचे ३६ कोणत्या कागदावर मागणार?