मायरा : नाव खरं, चिकटवलेला अर्थ खोटा

अमळनेर, पारोळा, चोपडा या भागातल्या बारशांत हल्ली जी नवी नावं कानावर पडतात, त्यांत ‘मायरा’ ठळक आहे. पाळण्यामागच्या फलकावर नावाखाली बारीक अक्षरांत अर्थही लिहिलेला असतो. एका घरी ‘प्रिय’, दुसऱ्या घरी ‘अद्भुत’, तिसऱ्या घरी ‘लक्ष्मीचं एक नाव’, तर कुठे ‘चंद्रप्रकाश’. एकाच नावाला इतके वेगवेगळे अर्थ मिळतात तेव्हा ते कोणीतरी मागाहून बसवले आहेत, असा संशय घ्यावा. नाव गोड आहे, तोंडात सहज बसतं, ठेवायला काहीच हरकत नाही. पण उद्या ती मुलगी विचारील तेव्हा तिला खरी गोष्ट सांगता यावी, असं मला मनापासून वाटतं. आणि खरी गोष्ट या सगळ्या अर्थांपेक्षा जास्त रंगतदार आहे.

गैरसमज : ‘मायरा’ हा प्राचीन संस्कृत शब्द आहे.

वामन शिवराम आपट्यांचा संस्कृत कोश उघडून पाहा. ‘माया’ सापडेल, मोराशी संबंधित या अर्थाचा ‘मायूर’ सापडेल. ‘मायरा’ सापडणार नाही. आज जगभर मुलींना दिलं जाणारं हे नाव इंग्रजी कवितेतून आलं आहे. फुल्क ग्रेव्हिल (१५५४–१६२८) नावाच्या इंग्रज कवीने ‘सीलिका’ या आपल्या काव्यमालिकेत प्रेयसीला हाक मारायला ते वापरलं. ग्रेव्हिलच्या मृत्यूनंतर, १६३३ मध्ये, त्या कविता छापल्या गेल्या. कवितेतलं हे नाव इंग्रजी बोलणाऱ्या घरांत मुलींना सर्रास दिलं जाऊ लागलं ते बऱ्याच उशिरा, एकोणिसाव्या शतकात.

ग्रेव्हिलला हे नाव सुचलं कशावरून? अभ्यासकांचे दोन-तीन तर्क आहेत. ‘मेरी’ या नावाची अक्षरं फिरवून ते केलं असावं, हा एक. दुसरा तर्क लॅटिनमधल्या ‘मीरा’ या शब्दाचा. त्याचा अर्थ आश्चर्यकारक. आपल्या फलकावरचं ‘अद्भुत’ आलं ते इथून, संस्कृतातून नव्हे. तिसरा तर्क मला सर्वांत आवडतो. लॅटिनमध्ये ‘मिर्रा’ म्हणजे एका झाडाचा सुगंधी डिंक. त्यालाच आपण हिराबोळ म्हणतो. बाळंतिणीच्या औषधांत आपल्या आज्या पिढ्यान्‌पिढ्या जो वापरत आल्या, तोच. हा तर्क बरोबर असेल, तर बारशाच्या घरात त्या नावाचं मूळ आधीपासूनच डबीत भरून ठेवलेलं आहे.

त्या काळच्या इंग्रजी लेखकांना नावं घडवण्याची हौसच होती. ग्रेव्हिलचा जिवलग मित्र फिलिप सिडनी याने ‘पामेला’ हे नाव तयार केलं; पुढे जोनाथन स्विफ्टने ‘व्हेनेसा’.

गैरसमज : मायरा म्हणजे मीराच, फक्त नव्या वळणाची.

रोमन लिपीत दोन्ही नावं जवळजवळ सारखी दिसतात, त्यातून हा घोळ झाला आहे. संत मीराबाईच्या नावाशी ग्रेव्हिलच्या नायिकेचा काडीचा संबंध नाही. ‘मायरा’ नावाचं एक प्राचीन शहरही होतं, आजच्या तुर्कस्तानच्या दक्षिण किनाऱ्यावर. सांताक्लॉजची कथा ज्यांच्यावरून रचली गेली ते संत निकोलस चौथ्या शतकात तिथले बिशप होते. अक्षरं तीच, पण तो गावाच्या नावाचा निराळा धागा आहे. अरबीतही ‘माइरा’ हा शब्द साधतो, कारण घरच्या माणसांसाठी धान्य-शिधा आणणे या अर्थाचा धातू त्या भाषेत आहे. मुस्लिम कुटुंबं त्या अर्थाने हे नाव ठेवतात तेव्हा त्यांना खरा आधार असतो.

आपल्या शेजारीही ‘मायरा’ आहेच. खानदेशातल्या बाजारपेठांत मारवाडी घरं जुनी आहेत. बहिणीच्या मुलाचं किंवा मुलीचं लग्न निघालं की भाऊ कपडे, दागिने, रोकड घेऊन तिच्या दारी जातो. त्या माहेरच्या आहेराला ते ‘मायरा’ म्हणतात. ‘नानीबाई रो मायरो’ची कथा लागते ती याच प्रसंगाची, भक्त नरसी मेहताची लाज राखली गेल्याची. मुलीचं नाव या शब्दावरून आलेलं नाही, हे स्पष्ट सांगायला हवं. तरी इथल्या मातीत ज्याला रोजचा अर्थ आहे असा ‘मायरा’ हाच, आणि माझ्या मते फलकावरच्या ‘चंद्रप्रकाशा’पेक्षा तो कितीतरी मोलाचा आहे.

अमळनेरकरांना व्युत्पत्तीचं वावडं नसावं. १९५२ साली इथे मराठी साहित्य संमेलन भरलं, तेव्हा अध्यक्ष होते कृ. पां. कुलकर्णी, ‘मराठी व्युत्पत्ति कोश’ सिद्ध करणारे. त्या शास्त्रात नुसत्या आवाजाच्या सारखेपणावर नातं जुळत नाही. मधल्या पायऱ्या दाखवाव्या लागतात. गावाच्या नावातला ‘नेर’ घ्या : नगर, मग नयर, मग नेर. संगमनेर, जामनेर, पिंपळनेर यांतही तो तसाच दिसतो, म्हणून तो पटतो. ‘विहान’ या नावाचंही तसंच. हिंदीत ‘बिहान’ म्हणजे पहाट हे चालू वापरातलं आहे, तेव्हा विहानचा ‘पहाट’ हा अर्थ टिकतो. ‘मायरा म्हणजे लक्ष्मी’ म्हणणाऱ्याला अशी एकही पायरी दाखवता येत नाही.

गैरसमज : पूर्वीची नावं अर्थपूर्ण होती, आजची निरर्थक आहेत.

हे म्हणणाऱ्यांनी आपल्याच पणजोबांची नावं आठवावीत. दगा, धुडकू, उखर्डू, भिका, नथ्थू. मुलं जगत नसत. मग जगलेल्या पोराला उकिरड्याचं, दगडाचं, भिकेचं नाव द्यायचं, नाक टोचून नथ घालायची, म्हणजे त्याला दृष्ट लागणार नाही आणि मृत्यू त्याच्याकडे दुर्लक्ष करील. या नावांचा शब्दार्थ हलका होता. त्यामागची आईची धास्ती आणि माया हलकी नव्हती. बहिणाबाई चौधरींच्या पतीचं नाव नथुजी. बहिणाबाईंचे भाऊ घमा, गना आणि घना : तीन नावं एका तालात. नाव ठेवताना अर्थ हेच एकमेव कारण कधीच नव्हतं. आवाज, नवस, भीती, आठवण हीसुद्धा कारणं होती. ‘मायरा’ हे नाव कानाला आवडलं म्हणून ठेवलं, एवढं कारण पुरेसं आहे.

जोडून-तोडून केलेलं नाव मोठं होऊ शकतं, याचा दाखला तर अमळनेरनेच दिला आहे. २९ डिसेंबर १९४५ रोजी महंमद हाशम प्रेमजी यांनी इथे वेस्टर्न इंडिया व्हेजिटेबल प्रॉडक्ट्स ही कंपनी काढली. वनस्पती तूप आणि ७८७ साबण हा तिचा माल. त्या लांबलचक नावातली अक्षरं उचलून ‘विप्रो’ झालं. कोणत्याच कोशात नसलेल्या त्या शब्दाला आज जगभर अर्थ आहे, आणि तो त्या कंपनीच्या कामाने मिळवलेला आहे.

गैरसमज : राशीचं अक्षर ‘मा’ आलं, आता घाईने हेच नाव नोंदवलं पाहिजे.

पंचांगातल्या अवकहडा चक्रात २७ नक्षत्रांचे प्रत्येकी ४ असे १०८ चरण असतात आणि ‘मा’ हे मघा नक्षत्राच्या पहिल्या चरणाचं अक्षर आहे. ते पाळावं की नाही हा घरचा प्रश्न. कायद्याला त्याच्याशी देणंघेणं नाही. जन्म आणि मृत्यू नोंदणी अधिनियम, १९६९ नुसार २१ दिवसांच्या आत कळवायचा असतो तो जन्म. मुलाचं नाव ठरलेलं नसलं तरी नोंद होते. त्या नोंदीपासून १२ महिन्यांत नाव विनाशुल्क घालता येतं, आणि पुढे विलंब शुल्क भरून १५ वर्षांपर्यंत. तेव्हा आत्याला, आजीला विचारायला भरपूर वेळ आहे.

घाई नको, पण काळजी हवी ती रोमन लिपीतल्या लेखनाची. देवनागरीत ‘मायरा’ एकाच तऱ्हेने लिहितात. रोमनमध्ये कोणी वाय घालतं, कोणी आय, कोणी अंकशास्त्र्याच्या सल्ल्याने शेवटी जादा ए जोडतं. १ ऑक्टोबर २०२३ पासून जन्मलेल्यांच्या बाबतीत शाळाप्रवेश, मतदारयादी, वाहन परवाना, पारपत्र, आधार या सगळ्यांसाठी जन्मतारखेचा आणि जन्मस्थळाचा पुरावा म्हणून जन्म प्रमाणपत्रच धरलं जातं. त्यामुळे नगरपालिकेत अर्ज भरताना जे स्पेलिंग लिहाल, तेच पुढे लसीकरणाच्या कार्डावर आणि आधारवर येतंय ना, हे तिथल्या तिथे तपासून घ्यावं.