संगणकावरील खेळ : वाटून खेळण्याचे कायदेशीर मार्ग

दिवाळी अंक एका घरी यावा आणि होळीपर्यंत त्याने दहा घरे फिरावीत, ही आपल्याकडील जुनी रीत आहे. विकत घेतलेली वस्तू आपली झाली, ती कोणाला वाचावयास द्यावी हे आपण ठरवावे, ही त्यामागील सरळ धारणा होय. संगणकावरील खेळ जोपर्यंत तबकडीच्या रूपाने दुकानात मिळत होते, तोपर्यंत त्यांच्याही बाबतीत लोक असाच विचार करीत. आज मात्र बहुतेक खेळ इंटरनेटवरून थेट संगणकावर उतरवून घेतले जातात. हाती देता येईल अशी वस्तूच उरलेली नाही. मग घरात दोन भावंडे असतील तर एकच खेळ दोनदा विकत घ्यावा काय? मित्राला तो खेळावयास देता येईल काय? अनेक पालकांना आणि तरुणांना पडणाऱ्या या प्रश्नांची उत्तरे येथे थोडक्यात दिली आहेत.

वस्तू नव्हे, परवाना

प्रथम एक गोष्ट ध्यानात घेतली पाहिजे. डिजिटल खेळासाठी आपण पैसे मोजतो तेव्हा त्या खेळाची मालकी आपल्याकडे येत नाही. तो खेळण्याचा परवाना मिळतो. हा परवाना आपल्या खात्याशी जोडलेला असतो. अमेरिकेतील व्हॉल्व्ह या कंपनीने २००३ साली सुरू केलेले ‘स्टीम’ हे या क्षेत्रातील सर्वांत मोठ्या विक्रीकेंद्रांपैकी एक आहे. तेथील करारानुसार खाते दुसऱ्याला विकता येत नाही वा हस्तांतरितही करता येत नाही. ग्राहकाचा याबाबत गैरसमज होऊ नये म्हणून कॅलिफोर्निया राज्याने २०२४ मध्ये कायदा केला व तो १ जानेवारी २०२५ पासून अमलात आला. विकली जाणारी गोष्ट म्हणजे केवळ परवाना आहे, असे विक्रेत्याने स्पष्ट सांगावे, असा त्याचा आशय आहे. फ्रान्समध्ये हा प्रश्न न्यायालयात गेला. असे खेळ पुन्हा विकण्याचा ग्राहकाला हक्क आहे, असा निर्णय पॅरिसच्या न्यायालयाने २०१९ मध्ये दिला. परंतु २०२२ मध्ये अपील न्यायालयाने तो फिरविला.

तेव्हा कायदेशीर वाटपाचा अर्थ एवढाच की, परवाना देणाऱ्याने जेवढी मुभा दिली आहे तेवढी पुरेपूर वापरणे. ही मुभा अनेकांना वाटते त्यापेक्षा बरीच मोठी आहे.

एका घरातील सहा जण

स्टीमने २०१३ साली कुटुंबीयांसाठी सामायिक वापराची पहिली योजना आणली. तिच्यात एक मोठी अडचण होती. एका खात्यातील खेळांचा सारा संग्रह एका वेळी एकच व्यक्ती वापरू शके. थोरला भाऊ क्रिकेटचा खेळ खेळत असेल, तर धाकट्या बहिणीला त्याच संग्रहातील कोड्यांचा खेळही उघडता येत नसे. सप्टेंबर २०२४ मध्ये ‘स्टीम फॅमिलीज’ ही नवी योजना सर्वांसाठी खुली झाली आणि ही अडचण दूर झाली.

या योजनेत जास्तीत जास्त सहा जणांचे एक कुटुंब नोंदविता येते. प्रत्येकाचे खाते स्वतंत्र राहते आणि सर्वांचे वाटण्याजोगे खेळ एकाच सामायिक संग्रहात दिसू लागतात. एक जण एक खेळ खेळत असताना दुसरा दुसरा खेळ खेळू शकतो. मात्र तोच खेळ दोघांना एकाच वेळी खेळावयाचा असेल, तर कुटुंबात त्याच्या दोन प्रती विकत घेतलेल्या असाव्या लागतात. खेळातील प्रगतीची नोंद ज्याची त्याच्याच खात्यात राहते. भावाने पार केलेला टप्पा बहिणीच्या खात्यावर चढत नाही.

सर्वच खेळ वाटता येतात असे नाही. ज्यांना अन्य कंपनीचे वेगळे खाते किंवा वर्गणी लागते असे खेळ, तसेच निर्मात्याने वाटपास संमती न दिलेले खेळ यातून वगळले जातात. खेळाच्या विक्रीच्या पानावर याची नोंद असते. खरेदीपूर्वी ती पाहावी.

अटी समजून घ्याव्यात

येथे कुटुंब याचा अर्थ एका घरात राहणारी जवळची माणसे असा आहे. सर्व सदस्य एकाच देशातील असावे लागतात. त्यामुळे पुण्यातील मुलाला अमेरिकेत राहणाऱ्या चुलतभावाच्या संग्रहात सहभागी होता येत नाही. वसतिगृहातील सहा मित्रांनी मिळून कुटुंब नोंदविणे हेही या योजनेच्या हेतूशी विसंगत ठरते. शिवाय कुटुंब बदलणे सोपे नाही. प्रौढ सदस्य केव्हाही बाहेर पडू शकतो; परंतु सामील झाल्यापासून एक वर्ष पूर्ण होईपर्यंत त्याला दुसऱ्या कुटुंबात जाता येत नाही. रिकामी झालेली जागाही वर्षभर भरता येत नाही.

सर्वांत महत्त्वाची अट जबाबदारीची आहे. कुटुंबातील एखाद्याने आपल्या प्रतीवर खेळताना लबाडीची साधने वापरली आणि त्याच्यावर बंदी आली, तर त्या खेळापुरती ती बंदी प्रतीच्या मूळ धारकावरही येते. म्हणून कोणाला सामील करून घ्यावयाचे, याचा विचार आधी करावा.

पालकांना या योजनेचा आणखी एक उपयोग आहे. लहान मुलांची नोंद ‘बालक’ म्हणून करता येते. कोणते खेळ त्यांना उपलब्ध असावेत आणि दिवसातून किती वेळ खेळावे, हे पालक ठरवू शकतात. मुलाला एखादा खेळ हवा असल्यास तो पालकाकडे विनंती पाठवितो. पैसे पालकच देतात. बँकेच्या कार्डाचा तपशील मुलाच्या हाती द्यावा लागत नाही.

मित्रांसाठी तीन वाटा

दूरच्या मित्रांसाठीही सरळ मार्ग आहेत. पहिला भेटीचा. खेळ विकत घेतानाच तो मित्राच्या नावे पाठविता येतो व कायमचा त्याचा होतो. आपल्या संग्रहात आधीच दाखल झालेला खेळ मात्र नंतर भेट देता येत नाही.

दुसरा मार्ग ‘रिमोट प्ले टुगेदर’ हा. स्टीमने २०१९ मध्ये ही सोय आणली. एकाच पडद्यासमोर बसून अनेकांनी खेळावयाचे जे खेळ असतात, त्यांना ती लागू आहे. खेळ प्रत्यक्षात यजमानाच्या संगणकावर चालतो. त्याचे चित्र इंटरनेटवरून मित्राकडे जाते आणि मित्राने दाबलेल्या कळांचे संकेत परत येतात. खेळ विकत घेतलेला असावा लागतो तो केवळ यजमानाने. इंटरनेटची जोडणी मात्र चांगली हवी.

तिसरा मार्ग काही निर्मात्यांनी स्वतःच खुला केला आहे. ‘इट टेक्स टू’ या २०२१ सालच्या दोघांनी मिळून खेळावयाच्या खेळात, एकाने खेळ घेतला की त्याच्यासोबत खेळणाऱ्या मित्राला विनामूल्य प्रवेश मिळतो.

कुलूप नाही म्हणून मुभा नाही

पोलंडमध्ये २००८ साली सुरू झालेल्या ‘जीओजी’ या विक्रीकेंद्रावरील खेळांना नक्कल रोखणारे तांत्रिक कुलूप नसते. खेळ उतरवून आपल्याजवळ जपून ठेवता येतो. परंतु हा परवानाही वैयक्तिक वापरापुरताच आहे. मित्रमंडळींत प्रती वाटण्याची मुभा त्यात नाही.

आपल्या देशात १९५७ च्या कॉपीराइट कायद्याचे संरक्षण संगणकीय प्रणालींना १९८४ च्या दुरुस्तीने स्पष्टपणे मिळाले. कायदेशीर प्रत बाळगणाऱ्याला हानीपासून बचाव म्हणून राखीव प्रत करण्याची मुभा हाच कायदा देतो. मात्र बेकायदा प्रत जाणूनबुजून संगणकावर वापरणे हा कलम ६३-ब नुसार गुन्हा असून त्यासाठी ७ दिवस ते ३ वर्षे कारावास आणि ५० हजार ते २ लाख रुपये दंड सांगितला आहे. वापर नफ्यासाठी वा व्यवसायात नसेल, तर न्यायालय कारणे नमूद करून कारावास न देता ५० हजार रुपयांपर्यंत दंड करू शकते.

राहता राहिला सर्वांत प्रचलित आणि सर्वांत घातक प्रकार, तो म्हणजे मित्राला आपला पासवर्ड सांगणे. त्यात कराराचा भंग तर होतोच. शिवाय वर्षानुवर्षे जमविलेला सारा संग्रह आणि पैशांचे व्यवहार परक्या हाती जातात. खाते गेले की त्यातील प्रत्येक खेळ गेला. ज्या सोयीसाठी ही जोखीम पत्करली जाते, ती सोय आता कुटुंबाच्या नोंदणीतून एक पैसाही जादा न देता मिळते. एका घरातील माणसांनी एकत्र बसून कुटुंबाची नोंद करावी, मुलांच्या वेळेच्या मर्यादा ठरवाव्यात आणि पासवर्ड ज्याचा त्याच्याकडेच ठेवावा. एक खेळ घरातील सर्वांना आळीपाळीने खेळता येण्यासाठी एवढे पुरेसे आहे.