ताळेबंदात न बसणारा नाच

‘नाचून पोट भरतं का?’ हा प्रश्न आपल्या मध्यमवर्गीय घरांतून अजून गेलेला नाही. मुलीनं नाच शिकावा, पण दहावीपर्यंत. मुलानं तर नकोच. उभा जन्म बँकेत काढल्यामुळं मला हा प्रश्न अगदीच गैर वाटत नाही. पण तो कानावर आला की अस्ताद देबू आठवतात.

हा गृहस्थही मूळचा कॉमर्सचाच. १९४७ साली नवसारीत, पारशी घरात जन्म. बालपण जमशेदपुरात. सहाव्या वर्षापासून कथक. पुढं मुंबईच्या पोदार कॉलेजात वाणिज्य शाखा. त्याच काळात मरे लुई यांच्या अमेरिकन पथकाचा नाच पाहिला आणि सरळ वाट सुटली. १९६९ मध्ये मुंबई सोडली आणि मिळेल त्या वाहनानं मजल दरमजल करत लंडन गाठलं. तिथं मार्था ग्रॅहम यांची आणि न्यूयॉर्कमध्ये होझे लिमॉन यांची पद्धत शिकले. १९७७ मध्ये परतल्यावर ई. के. पणिक्कर यांच्याकडं कथकली.

यातून जे घडलं त्याला धड नाव नव्हतं. इथल्यांना ते परदेशी वाटे, तिकडच्यांना पुरेसं भारतीय वाटत नसे. ना घराणं, ना पाठीशी कायमची संस्था. आमच्या भाषेत सांगायचं तर तारणाशिवायचं कर्ज, तेही स्वतःच्या शरीरावर काढलेलं!

त्यांची चाल संथ. नुसता हात उचलायला ते एवढा वेळ घेत की पाहणारा अस्वस्थ व्हावा. आम्हा नृसिंहवाडीकरांना मात्र ही गती ओळखीची वाटावी. पावसाळ्यात कृष्णेचं पाणी घाटाची एकेक पायरी घेत चढतं. चढताना दिसत नाही, चढलेलं दिसतं. पादुकांवरून ते दक्षिणद्वारी पोचतं, तेव्हा हजारो माणसं त्यासाठी तिष्ठत असतात. संथपणाची वाट पाहणं आपल्याला येतं. रंगमंचासमोर बसलं की आपण ते विसरतो, इतकंच.

पण या माणसाची खरी मिळकत वेगळीच. कोलकात्यात आणि चेन्नईत त्यांनी कर्णबधिर मुलामुलींना नाच शिकवला. ज्यांना तबला ऐकू येत नाही, त्यांना ताल कसा द्यायचा? मात्रा मोजून अंगात मुरवायच्या, नजरेनं आणि हाताच्या खुणेनं इशारा द्यायचा. २००५ मध्ये मेलबर्नच्या कर्णबधिरांच्या ऑलिंपिकच्या वेळी चेन्नईच्या मुली त्यांच्यासोबत नाचल्या. मणिपूरच्या पुंग वादकांना आणि दिल्लीतल्या रस्त्यावर वाढलेल्या मुलांनाही त्यांनी रंगमंचावर आणलं.

१९९५ मध्ये संगीत नाटक अकादमी पुरस्कार, २००७ मध्ये पद्मश्री, आणि १० डिसेंबर २०२० रोजी मुंबईत निधन.

पोट भरलं का? ते त्यांचं त्यांना ठाऊक. पण आवाज कधीही न ऐकलेली मुलगी ठेक्यावर पाऊल टाकते, ती रक्कम जमेच्या कोणत्या रकान्यात मांडायची, हे मला बँकेत कुणी शिकवलं नव्हतं. तुमच्या घरात एखादं पोर आरशासमोर विचित्र हातवारे करत असेल, तर त्याला हटकण्याआधी थोडं थांबून पाहा.