बेलिफ आला, पण तव्याला हात नाही!

‘घरावर जप्ती आली’ म्हटलं की जुना मराठी सिनेमा आठवतो. कपाट अंगणात, हंडे-कळशा अंगणात, कोपऱ्यात म्हातारी रडतेय. या सिनेमावाल्यांनी दिवाणी प्रक्रिया संहितेचं कलम ६० काही वाचलेलं नव्हतं. १९०८ सालच्या या कायद्याने स्वयंपाकाची भांडी, अंथरूण-पांघरूण आणि गरजेचे कपडे जप्तीतून वगळलेत. धर्मरूढीप्रमाणे बाईला अंगावेगळा करता येत नाही असा दागिनाही वगळलाय. म्हणजे मंगळसूत्र सुटलं, पाटल्यांचं खरं नाही! सुताराचा रंधा, पोटापुरतं कमावायला लागणारे शेतकऱ्याचे बैल, नांगर, बियाणं यांनाही हात नाही. टीव्ही मात्र या यादीत शोधू नका.

बेलिफालाही सूर्य पाहावा लागतो. सामान जप्त करायला सूर्यास्तानंतर आणि सूर्योदयापूर्वी राहत्या घरात पाऊल टाकायची त्याला मनाई आहे.

पगाराचं गणित गमतीचं. पैसे देण्याच्या कोर्टाच्या साध्या हुकूमनाम्यात (डिक्रीत) पहिले १,००० रुपये आणि उरलेल्याचे दोन तृतीयांश सुरक्षित. जप्तीच्या हिशेबात पगार ३१,००० धरला, तर सावकाराच्या हाती महिन्याला १०,०००. एका हुकूमनाम्यापोटी २४ महिने कापून झाले, की त्याच हुकूमनाम्यासाठी त्या पगाराला पुन्हा हात लावता येत नाही.

दावा चालू असताना प्रतिवादी गुपचूप फ्लॅट विकायला निघाला तर? तेव्हा निकालापूर्वीची जप्ती. पण कोर्ट आधी विचारतं, ‘तारण देता का? नाही, तर का नाही ते सांगा.’ नुसतं ‘मला भीती वाटते’ म्हणून भागत नाही. विनातारण उधारी तारणी करून घ्यायचा हा रस्ता नव्हे, असं सर्वोच्च न्यायालयाने २००७ मध्ये रमण टेक खटल्यात बजावलं. पुरेसं कारण नसताना जप्ती आणणाऱ्या वादीलाच ५०,००० रुपयांपर्यंत भरपाई द्यावी लागू शकते. आणि शेतकऱ्याच्या ताब्यातलं पीक? निकालाआधी ते जप्त करा, असा अर्जसुद्धा करता येत नाही.

जमीन जप्त झाली तर ती कुठे उचलून नेणार? मग दवंडी. जागेवर ढोल वाजवून किंवा गावच्या रिवाजाने हुकूम पुकारायचा, त्याची प्रत जागेवर आणि कोर्टात डकवायची. त्यानंतर केलेली खासगी विक्री जप्ती आणणाऱ्यापुढे टिकत नाही.

माझा सर्वांत आवडता नियम तुरुंगाचा. ऐपत असून पैसे बुडवणाऱ्याला दिवाणी तुरुंगात धाडता येतं, पण त्याच्या जेवणाचा भत्ता धनकोने आधी कोर्टात भरायचा! भत्ता थांबला, की ऋणको बाहेर. शिवाय बाईला पैशाच्या हुकूमनाम्यासाठी अटकच नाही.

अटकेवरून आठवलं: १८७५ च्या मे महिन्यात पुणे जिल्ह्यातल्या सुप्यात शेतकऱ्यांनी सावकारांची कर्जखतं जाळली. त्यातून १८७९ चा दख्खन कृषक मदत कायदा आला आणि पैशाच्या हुकूमनाम्यासाठी शेतकऱ्याची अटक बंद झाली.

आणि हो, जप्तीतून सरकारी कचेरीही सुटत नाही. भूसंपादनाचा मोबदला थकला, की बेलिफ कधी थेट साहेबांची खुर्ची जप्त करायला हजर होतो. मग फोनाफोनी, मुदतीचं पत्र, चहा. खुर्ची बहुधा जागेवरच राहते, साहेब तेवढे दौऱ्यावर असतात.