सरपंच म्हणजे गाव नव्हे

गडचिरोली जिल्ह्यात धानोरा तालुक्यातले मेंढा (लेखा) हे शंभरेक घरांचे गोंडांचे गाव. ‘दिल्ली-मुंबईत आमचे सरकार, आमच्या गावात आम्हीच सरकार’ ही घोषणा याच गावाची. ती महाराष्ट्रभर पोहोचली, पण तिच्यामागचा कायदा फारसा कुणी वाचला नाही. शहरातल्या वाचकाचे सोडा, तालुक्याच्या कचेऱ्यांतही ग्रामसभेबद्दल चुकीच्या समजुती घट्ट बसल्या आहेत आणि त्यांपायी गावांचे अर्ज वर्षानुवर्षे धूळ खातात.

‘ग्रामसभा म्हणजे सरपंचाने बोलावलेली बैठक’

हा सगळ्यात जुना गैरसमज. ग्रामपंचायत निवडून आलेल्या मोजक्या सदस्यांची असते, तर ग्रामसभा गावातल्या प्रत्येक मतदाराची. पंचायतीची मुदत पाच वर्षांनी संपते. ग्रामसभेला मुदत नाही, तिला कुणी बरखास्तही करू शकत नाही. अठरा वर्षे पूर्ण होऊन मतदारयादीत नाव आले की माणूस तिचा सदस्य झाला.

जंगलपट्ट्यात या फरकाला फार महत्त्व आहे. इथे एकेका गटग्रामपंचायतीत तीन-चार गावे आणि टोले (लहान वस्त्या) असतात. मेंढाही लेखा ग्रामपंचायतीतच होते. मोठ्या गावाचा सरपंच लहान टोल्याच्या जंगलाबद्दल काय ठरवणार? म्हणूनच अनुसूचित, म्हणजे आदिवासी, क्षेत्रांतल्या पंचायतींसाठीच्या 1996च्या पेसा कायद्याने गावाची व्याख्या महसुली नोंदीवरून केली नाही. आपल्या रूढी-परंपरेनुसार आपला कारभार चालवणारी वस्ती किंवा पाडा म्हणजे गाव, असे तो म्हणतो. त्यामुळे एका ग्रामपंचायतीत अनेक ग्रामसभा असू शकतात आणि प्रत्येकीचा अधिकार स्वतंत्र असतो. महाराष्ट्राच्या 2014च्या पेसा नियमांत टोल्याला स्वतंत्र गाव म्हणून जाहीर करून घेण्याची रीतही दिली आहे.

मेंढ्यात ग्रामसभेचे निर्णय मतदानाने होत नाहीत. सगळ्यांचे एकमत होईपर्यंत विषय पुन्हा पुन्हा चर्चेला येतो. जोडीला अभ्यासगट असतो. तिथे बाहेरचे जाणकारही बसतात, पण निर्णय गावाचाच. गावचे देवाजी तोफा आणि चंद्रपूरच्या ‘वृक्षमित्र’ संस्थेचे मोहन हिराबाई हिरालाल यांनी ही पद्धत वर्षानुवर्षे जोपासली. बहुमताने हरलेले लोक दुसऱ्या दिवशी जंगलाची राखण मनापासून करत नाहीत, हे साधे व्यवहारज्ञान तिच्यामागे आहे.

‘हे सगळे पेसाचे, म्हणजे फक्त आदिवासी गावांचे’

पेसा फक्त अनुसूचित क्षेत्रात लागू होतो आणि शेजारच्या चंद्रपूर जिल्ह्याचा बराच भाग त्याबाहेर आहे. मात्र 2006च्या वनहक्क कायद्याला ती सीमा नाही. 13 डिसेंबर 2005पूर्वी तीन पिढ्या, म्हणजे 75 वर्षे, वनात राहून वनावर जगणारे इतर समाजही त्यात येतात. तिथल्या गोंडपिपरी तालुक्यातल्या पाचगावला 2012मध्ये हजारभर हेक्टर जंगलावर सामूहिक हक्क मिळाला, तो याच कायद्याने.

‘हक्क दिला की जंगल तुटणार’

सामूहिक वनहक्क म्हणजे जमिनीची मालकी नव्हे. ते जंगल विकता येत नाही, गहाण ठेवता येत नाही, घराघरांत वाटून घेता येत नाही. मिळतो तो वापराचा आणि व्यवस्थापनाचा हक्क, शिवाय राखण करण्याचे कर्तव्यही. मेंढा आणि गडचिरोलीतलेच मर्दा ही देशात असा हक्क मिळालेली पहिली गावे, 2009 साली. मेंढ्याच्या वाट्याला सुमारे 1,800 हेक्टर जंगल आले.

कागद हातात आला तरी बांबू विकता येईना. 1927च्या वन कायद्याने बांबूला ‘झाड’ ठरवले होते, तर वनहक्क कायद्याने गौण वनोपज, म्हणजे गावाला विकता येणारे. वाहतूक परवान्याचे पुस्तक वन विभागाकडेच होते, आणि परवान्याशिवाय गावाबाहेर गेलेला बांबू चोरीचा ठरतो. अखेर 27 एप्रिल 2011 रोजी केंद्रीय वनमंत्री जयराम रमेश मेंढ्यात आले आणि मुख्यमंत्री पृथ्वीराज चव्हाण यांच्या उपस्थितीत ते पुस्तक ग्रामसभेच्या हाती दिले. एका पावती-पुस्तकासाठी केंद्रीय मंत्र्याला गावात यावे लागले, यातच कायदा आणि अंमलबजावणी यांतले अंतर दिसते.

जंगल तुटेल या भीतीला माझ्या मते सर्वांत चोख उत्तर पाचगावने दिले आहे. तेंदूपाने हे या भागातले उन्हाळ्याचे रोख उत्पन्न. सत्तर पानांचे एक पुडके, असे हजार पुडके म्हणजे एक प्रमाण गोणी. पण कोवळी पाने भरपूर यावीत म्हणून झुडपे छाटतात आणि जंगलात आगी लावल्या जातात. पाचगावच्या ग्रामसभेने तेंदूपाने न तोडण्याचे ठरवले आणि बांबूवर भर दिला. हातचा पैसा सोडण्याचा हा निर्णय गावाने आपणहून घेतला. दुसरीकडे गडचिरोलीतल्या अनेक ग्रामसभा स्वतः लिलाव करून तेंदू विकतात. दोन्ही निर्णय आपापल्या ग्रामसभांचे, आणि हक्काचा अर्थ तोच आहे.

‘ग्रामसभा नाही म्हणाली की खाण थांबते’

हा समज कार्यकर्त्यांतही आढळतो आणि तो महागात पडतो. पेसानुसार ग्रामसभेची पूर्वशिफारस बंधनकारक आहे ती गौण खनिजांसाठी, म्हणजे रेती, मुरूम वगैरेंसाठी. लोहखनिज त्यात येत नाही. भूसंपादनाबाबत पेसा सल्लामसलत सांगतो, संमती नव्हे. एटापल्ली तालुक्यात सूरजागडच्या लोहखाणीविरुद्ध परिसरातल्या ग्रामसभांनी ठराव केले, तरी खाण सुरू झाली.

मग ठराव निरुपयोगी का? मुळीच नाही. ओडिशातल्या नियमगिरीच्या खाणीबाबत सर्वोच्च न्यायालयाने 2013मध्ये वनहक्क कायद्याच्या आधारे निर्णय ग्रामसभांवर सोपवला, बाराही ग्रामसभांनी खाण नाकारली आणि ती झाली नाही. तिथे बळ आले ते वनहक्कांमुळे. म्हणून दावे वेळेत दाखल करणे आणि ठराव नियमाप्रमाणे करणे याला पर्याय नाही. वनहक्काच्या ठरावाला किमान निम्मे सदस्य हजर लागतात आणि हजर असलेल्यांत किमान एक तृतीयांश महिला. संध्याकाळी चार-पाच पुरुषांनी सह्या करून पाठवलेला ठराव पहिल्याच हरकतीत बाद होतो.