पुंगोलची डुकरे, कोरोची साथ आणि विंचवाचा मंत्र

सिंगापूरच्या ईशान्य टोकावरच्या पुंगोलमध्ये आज कालव्याच्या दोन्ही काठांनी उंच इमारती उभ्या आहेत. साठ वर्षांपूर्वी इथे मलय कोळ्यांच्या आणि चिनी शेतकऱ्यांच्या वस्त्या होत्या, कोंबड्या होत्या आणि मुख्य म्हणजे डुकरे होती. शहराच्या ताटात पडणारे मांस अशाच खेड्यांतून यायचे. १९६७ मध्ये डुकरांमध्ये तापाची साथ आली, सरकारने त्यांना लस टोचायला सुरुवात केली, आणि ऑक्टोबरअखेर एक अफवा उठली: लस टोचलेल्या डुकराचे मांस खाल्ले की पुरुषाचे लिंग आक्रसून पोटात ओढले जाते, आणि ते पूर्ण आत गेले की माणूस मरतो.

या आजाराचे नाव कोरो. चिनी वैद्यकात तो जुनाच होता. शरीरातल्या यिन-यांगचा तोल ढळला, यांग खचले, की असे होते अशी समजूत होती. त्यामुळे अफवेला नवे काही पटवून द्यावे लागले नाही. बायका, भाऊ, शेजारी धावत आले. कुणी हाताने धरून ठेवले, कुणी दोरी बांधली, कुणी चिमटे लावले, आणि त्याच अवस्थेत माणसाला घेऊन रुग्णालय गाठले. रुग्णांची संख्या शेकड्यांवर गेली. त्यांत थोड्या स्त्रियाही होत्या. डुकराच्या मांसाचा खप घसरला. मेले मात्र कुणीच नाही, कारण शरीररचनेनुसार असे घडणे शक्यच नाही.

या प्रसंगावर हसणे मला बरे वाटत नाही. घाम खरा होता, छातीतली धडधड खरी होती, आणि भीतीने त्वचा आकसते हेही खरेच आहे. त्या आकसण्याकडे पाहून भीती आणखी वाढते, इतकेच. साथ कशी थांबली ते अधिक शिकण्यासारखे आहे. डॉक्टर एकत्र आले, रेडिओ आणि दूरचित्रवाणीवर बोलले, मांस सुरक्षित आहे असे सरकारने जाहीर केले, आणि रुग्णांचा ओघ झपाट्याने आटला. त्यात पुढाकार घेणाऱ्या डॉ. ग्वी आह लेंग यांनी कोरोवर १९६३ मध्येच लिहिले होते. त्यांनी रुग्णांची समजूत जुन्या चिनी ग्रंथांपर्यंत जाऊन तपासली होती, आधी ऐकून घेतले होते. गावंढळ म्हणून झटकले असते तर लोक दूरचित्रवाणी बंद करून पुन्हा दोरीकडेच वळले असते.

सिंगापुरात आजारी माणूस डॉक्टरच्या आधी, किंवा डॉक्टरसोबतच, आणखी कुणाकुणाकडे जात असे. ॲलन एलियट यांचे १९५५ चे पुस्तक तिथल्या चिनी तांग-कींवर, म्हणजे अंगात येणाऱ्या भगतांवर, आहे. देव अंगात आलेला तांग-की पिवळ्या कागदावर मंत्राक्षरे लिहितो, कागद जाळतो आणि राख पाण्यात मिसळून प्यायला देतो. देवऋषी आणि अंगारा पाहिलेल्या मराठी वाचकाला हे वेगळे समजावून सांगायला नको. मलय बोमोह, म्हणजे मांत्रिक, धूप घालतो, मंत्र म्हणून पाण्यावर फुंकर मारतो, भ्यालेल्या रुग्णाच्या निसटलेल्या प्राणाला तांदूळ उधळत, कोंबडीला बोलवावे तसे परत बोलावतो. मलय जादूटोण्यावरच्या वॉल्टर स्कीट यांच्या १९०० सालच्या ग्रंथात अशा विधींची नोंद आहे, आणि त्यांत अल्लाच्या नावाशेजारी बतारा गुरू, म्हणजे आपला शिव, सुखाने नांदतो. पुंगोलच्या एखाद्या फ्लॅटमध्ये मराठी आजी नातवाची मीठ-मोहरीने दृष्ट काढते तेव्हा ती या बेटाला अनोळखी असे काहीच करत नसते. त्याने बाळाचे काही बिघडत नाही आणि घाबरलेल्या आईला धीर मिळतो. मला त्यात गैर दिसत नाही.

गैर दिसते ते दुसरीकडे, आणि त्यासाठी महाडला जावे लागते.

डॉ. हिंमतराव बावस्कर १९७६ मध्ये महाडजवळच्या बिरवाडीच्या प्राथमिक आरोग्य केंद्रात रुजू झाले तेव्हा कोकणात लाल विंचवाच्या दंशाने माणसे मरत, आणि दंश झाला की घरचे पाय मांत्रिकाकडे वळत. मंत्राची ख्याती उगाच नव्हती. बहुतेक विंचवांच्या दंशाने नुसती वेदना होते आणि काही तासांनी ती आपसूक उतरते. उतार मंत्राने पडला असे सर्वांना दिसे. लाल विंचवाचे विष मात्र हृदयावर आणि फुप्फुसांवर घाला घालते. घाम फुटतो, हातपाय गार पडतात, मग फुप्फुसात पाणी भरते. पहिल्या प्रकारात जिंकलेला मांत्रिक दुसऱ्या प्रकारात तीच खात्री देत राही, आणि त्यात वेळ जाई. बावस्करांनी ही लक्षणे रुग्णाशेजारी बसून टिपली, १९८२ मध्ये ती ‘द लॅन्सेट’मध्ये मांडली, आणि रक्तदाबावरचे प्राझोसिन हे औषध या दंशावर वापरून मृत्यूचे प्रमाण एकदम खाली आणले.

अशा मांत्रिकांना आळा घालणारा कायदा महाराष्ट्रात व्हावा म्हणून झटणारे डॉ. नरेंद्र दाभोलकर यांची २० ऑगस्ट २०१३ ला पुण्यात हत्या झाली. जादूटोणाविरोधी अध्यादेश त्यानंतर काही दिवसांतच आला आणि डिसेंबरमध्ये कायदा झाला. या कायद्यावर धर्मविरोधी म्हणून बरीच आगपाखड झाली. पण त्याच्या अनुसूचीतले एक कलम आवर्जून वाचावे: कुत्रा, साप किंवा विंचू चावलेल्या माणसाला वैद्यकीय उपचार घेण्यापासून रोखून मंत्रतंत्र, गंडेदोरे करणे हा गुन्हा आहे. शिक्षा सहा महिने ते सात वर्षे. गुन्ह्याचा सारा भार ‘रोखणे’ या कृतीवर आहे. आजीच्या मीठ-मोहरीला या कायद्याने हात लावलेला नाही. सिंगापुरातल्या डॉक्टरांनीही देवळे बंद करायला सांगितले नव्हते, ही भीती निराधार आहे एवढेच सांगितले होते. कोरोत अडवणारा मांत्रिक भेटला असता तरी रुग्ण जगला असता, कारण रोग भीतीचाच होता. लाल विंचवाच्या रुग्णाला ती सवलत नाही. त्याला पहिल्या काही तासांत प्राझोसिन मिळावे लागते, आणि म्हणून वाडीतल्या मांत्रिकाला घाम आणि गार हातपाय ही दोन लक्षणे ओळखायला शिकवणे, ती दिसताच गाडी बोलावण्याचे काम त्याच्यावरच सोपवणे, हे मला अजून अनेक तालुक्यांत करण्याजोगे वाटते.